माझी काही तक्रार नाही

दक्षिण सुदान,
११ ऑगस्ट २०२४

चिंतामणकाकांना मंजुश्रीचा सप्रेम नमस्कार.

तुमच्या निवृत्तीच्या निरोपाला मी आले होते, तेव्हा ठाण्याच्या पायरीवर तुम्ही म्हणाला होतात, "मॅडम, आता हवालदार नका म्हनू, काका म्हना." तेव्हा जमलं नाही, आता लिहिताना जमतंय. हे फोनवर बोलता आलं असतं, पण फोनवर मी पटकन विषय बदलते. पत्र सुट्टीवर निघालेल्या एका नागपूरच्या साहेबांबरोबर पाठवते आहे. उत्तर लिहून त्याचा फोटो पाठवलात तरी मिळेल.

येऊन पाच महिने झाले. कंटेनरच्या खोलीत राहते. डोक्यावर संयुक्त राष्ट्रांची निळी टोपी आहे, पण कमरेला पिस्तूल नाही. इथे आम्हाला कुणाला अटक करता येत नाही. लढाईत घरं सोडून आलेल्या लोकांची मोठी छावणी आहे, तिच्यात फिरायचं, लोकांचं ऐकायचं, इथल्या पोलिसांना सांगायचं आणि रिपोर्ट लिहायचा. रिपोर्ट लिहिण्यात मी तुमचीच चेली, त्यामुळे तेवढं बरं चाललं आहे.

मागच्या मंगळवारी झाडाखाली पंचांची बैठक होती. न्याकोथ नावाची बाई, वय पंचविशीच्या आसपास. नवरा मारतो म्हणून ती आमच्याकडे आली होती. पंचांनी नवऱ्याचं ऐकलं, बापाचं ऐकलं, दिराचं ऐकलं. ठरलं असं की नवऱ्याने सासऱ्याला एक गाय द्यायची आणि बाईने घरी जायचं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. इथला पोलीस अधिकारी मला म्हणाला, "झाली शांतता." मी वहीत लिहिलं, प्रकरण सामोपचाराने मिटलं. न्याकोथला कुणी काही विचारलं नाही. मीही नाही. ती उठून जाताना माझ्याकडे बघत होती. तसं बघणं मी आधी एकदा पाहिलं होतं.

काका, डोंगरशिवणीची जयमाला आठवते? २०१९, दिवाळीनंतरची गोष्ट. कचरूची बायको. तंटामुक्त समितीचे अध्यक्ष तिला आणि कचरूला घेऊन ठाण्यात आले होते आणि आपण समजोता लिहून दिला होता. बाकावर तिची लहान मुलगी झोपली होती. त्यानंतर माझी बदली झाली आणि मी तिची कधी चौकशी केली नाही. ती कशी आहे, एवढं कळवाल का? प्रेमलाकाकूंना नमस्कार.

तुमची
मंजुश्री


चिखली,
२ सप्टेंबर २०२४

मंजुश्री मॅडम यांना चिंतामणचा सविनय जयभीम.

पत्र पोचलं. हिनं आधी वाचलं, मग मी वाचलं. आपल्या ठाण्याची पोरगी परदेशात निळी टोपी घालते, हे मी बाजार समितीत चार जणांना सांगितलं. तुमच्या जानेफळचा एक माणूस तिथं तूर घेऊन आला होता, तो म्हणाला, आमच्याच गावची.

इकडचं ठीक. सोयाबीन बरं आहे. मोतीबिंदू काढला, त्यामुळे अक्षर आधीपेक्षा सरळ येत आहे असं माझं मत, हिचं वेगळं.

जयमालाबाबत. सदर बाई सुखात नांदत असल्याचं ऐकतो. त्यानंतर ठाण्यात काही आलं नाही. तुम्ही मिटवलेलं प्रकरण पक्कं मिटलं. मॅडम, नोकरीत रोज दहा बाया येतात. प्रत्येकीचं तोंड लक्षात ठेवलं तर माणूस जेवू शकत नाही. पोलिसाचं काम गावात शांतता ठेवणं. ते तुम्ही केलं, म्हणून तर एवढ्या लांब पोचल्या. तिथल्या पंचांचं त्यांना पाहू द्या. तब्येत सांभाळा, पाणी उकळून प्या.

आपला
चिंतामण


दक्षिण सुदान,
२९ सप्टेंबर २०२४

प्रिय काका,

तुमचं उत्तर वाचून त्या दिवशी मी पोटभर जेवले. जयमाला नांदते आहे, हे वाक्य मी दोनदा वाचलं.

म्हणून आता पुढचं लिहायची हिंमत होते. न्याकोथ परत आली. बैठकीला तीन आठवडेही झाले नव्हते. सकाळी छावणीच्या दवाखान्यात मला बोलावलं. डोक्याला टाके, एक डोळा सुजून बंद. मी दुभाषी मेरीला म्हटलं, तिला विचार, तू माझ्याकडे लगेच का आली नाहीस. न्याकोथने उत्तर दिलं ते मेरी आधी सांगेना. मग सांगितलं. ती म्हणाली, "मी हिच्याकडे आले होते. हिने टाळ्या ऐकल्या आणि वही बंद केली."

काका, मी टाळ्या वाजवल्या नव्हत्या. पण तिला तेवढा फरक दिसला नाही, आणि मलाही तो सांगावासा वाटला नाही.

या वेळी मी तिचा जबाब पूर्ण लिहिला. चार पानं. पंच नाराज झाले, इथला अधिकारी म्हणाला की तुम्ही बाहेरचे लोक घरं मोडता. तरी ती आता बायकांच्या निवाऱ्यात आहे आणि नवऱ्यावर इथल्या कायद्याने केस झाली आहे. पुढे काय होईल माहीत नाही.

एक काम सांगते. दिवाळीत तुम्ही मेहकरला लेकीकडे जाता. जाताना डोंगरशिवणीला उतराल का? जयमालाला एकदा भेटा. मंजुश्री मॅडमने विचारलं आहे म्हणावं. ती बरी आहे हे तुमच्या डोळ्यांनी पाहिलेलं मला हवं आहे.

मंजुश्री


चिखली,
२४ नोव्हेंबर २०२४

मंजुश्री मॅडम यांना जयभीम.

उत्तराला उशीर झाला. लिहायला बसत होतो आणि उठत होतो. हिनं विचारलं, "कोनाले एवढं लेहून राह्यले?" मी म्हटलं, कोणाले नाही.

मी पहिल्या पत्रात खोटं लिहिलं. जयमाला नांदत नाही. ते मला तेव्हाही माहीत होतं. पाच वर्षांपासून माहीत आहे.

तुमची बदली झाली, त्याच्या पुढच्या महिन्यात ती पुन्हा ठाण्यात आली होती. एकटी. त्या दिवशी ठाणे अंमलदार मी होतो. ती म्हणाली, "मले लेहून द्याचं हाय. तो म्हनते, आता पोलिसाचा बी कागद हाय माह्यापाशी." मी तिला म्हणालो, "मॅडमनं मिटवून देल्लं ना बाई. आता तूच पुन्हा उकरून काढतं का?" ती बाकावर अर्धा तास बसून राहिली. मी समोर बसून दुसरं लिहीत होतो. काय लिहीत होतो तेही आठवते, हरवलेल्या मोटारसायकलचा अर्ज. मग ती उठून गेली. स्टेशन डायरीत मी तिचं नाव घेतलं नाही. चौथ्या दिवशी ती दवाखान्यात होती. कचरूनं कुऱ्हाडीच्या दांड्यानं डाव्या हाताचं कोपर मोडलं. दवाखान्यात त्यानंच लिहून दिलं की थ्रेशरमध्ये हात गेला. आम्ही तेच मान्य केलं. मी मान्य केलं.

तुम्हाला सांगितलं नाही, कारण तुमची प्रगती चालली होती, आणि खरं म्हणजे माझी निवृत्ती जवळ आली होती.

तुमचं दुसरं पत्र आलं, पण डोंगरशिवणीला जाऊन उपयोग नव्हता, कारण ती तिथं नाही. ती दुसरबीडला बापाकडे राहते. दिवाळीनंतर एका सकाळी एसटीनं गेलो. बाप पुंजाजी, ऐंशीच्या घरातला. रस्त्याच्या कडेला त्यांचं नाश्त्याचं लहान दुकान आहे. जयमाला उजव्या हातानं भजी काढत होती. डावा हात कोपरातून सरळ होत नाही, पोटाशी धरून ठेवते. मला ओळखलं. बापाला म्हणाली, "बाबा, हे थे ठान्यातले." पुंजाजींनी खुर्ची दिली. मला वाटलं होतं, हाकलतील.

मी म्हटलं, बाई, मंजुश्री मॅडमनं विचारलं आहे, कशी आहेस. ती म्हणाली, "मॅडम कोठी हाय आता?" मी सांगितलं, तिकडे आफ्रिकेत, लोकांची भांडणं मिटवायला. तिनं कढईतला घाणा काढला आणि आतून एक प्लास्टिकची पिशवी घेऊन आली.

मॅडम, कचरूनं मुलीच्या ताब्यासाठी कोर्टात अर्ज केला आहे. मुलगी प्रेरणा आता नऊ वर्षांची आहे. त्याचं म्हणणं, बायको विनाकारण पळून गेली, मारहाण कधी झालीच नाही, हात मशीनमध्ये गेला. पुरावा म्हणून त्यानं आपला समजोता लावला आहे. त्याची नक्कल तिनं माझ्या हातात दिली. "माझी काही तक्रार नाही. मी राजीखुशीने नांदण्यास जात आहे." अक्षर माझं. सही तिची. खाली तुमची सही आणि ठाण्याचा शिक्का.

ती म्हणाली, "तवा खरं लेहून घेतलं असतं त आज मले कोनाले काही सांगा लागलं नसतं." एवढंच म्हणाली. आवाज चढवला नाही. मी भज्यांची पुडी विकत घेतली आणि एसटीत ती तशीच मांडीवर ठेवून आलो.

तिच्या वकिलाला भेटलो. मी जबाब द्यायचा विचार करतो आहे.

चिंतामण


दक्षिण सुदान,
१५ डिसेंबर २०२४

काका,

तुमच्या पत्राचा फोटो मी जेवणाच्या तंबूत उघडला आणि मग बाहेर येऊन उभी राहिले. आधी तुमचा राग आला. तुम्ही लिहिलंत "नांदत असल्याचं ऐकतो" आणि मी त्यावर पोटभर जेवले. पण राग फार टिकला नाही, कारण तुम्हाला माहीत नसलेली एक गोष्ट आहे.

त्या दिवशी समजोता लिहायच्या आधी जयमाला म्हणाली होती, मॅडमशी एकटीनं बोलायचं आहे. तुम्ही अध्यक्षांना चहा द्यायला बाहेर गेला होता. मी तिला मागच्या खोलीत नेलं. तिने ब्लाउजची बटणं काढून पाठ दाखवली. वळ होते, काही निळे, काही पिवळे पडलेले. म्हणजे एका दिवसाचे नव्हते. ती म्हणाली, "मॅडम, तुमी बाई हा, म्हनून दाखवलं." मी म्हणाले, नीट झाक, थंडी आहे. मग बाहेर आले आणि तुम्हाला म्हटलं, घ्या लिहून.

साहेबांनी त्या महिन्यात बजावलं होतं की आता नवीन गुन्हा नको, गावातच मिटवा. अध्यक्ष म्हणत होते, गावाच्या वेशीवर तंटामुक्तीची पाटी आहे, तिच्याखालून पोलिसांची गाडी गेली तर काय राहील. मला साहेबांकडून शाबासकी हवी होती. ती मिळालीही. त्या वर्षी सगळ्यात जास्त तंटे सामोपचाराने मिटवले म्हणून मला प्रशंसापत्र मिळालं.

आणि अजून आहे. या मोहिमेसाठी दिल्लीत मुलाखत झाली. विचारलं, समाजात शांतता राखण्याचा तुमचा अनुभव सांगा. मी जयमालाचीच गोष्ट सांगितली. नाव न घेता. तुटणारं घर मी कसं वाचवलं, असं. समोरच्या मॅडमनी मान डोलावली. मी इथे आले त्यात त्या कागदाचा वाटा आहे. तिच्या पाठीवरून मी इथवर आले, असं मला आता वाटतं.

हे सगळं लिहूनही पुढचं लिहिते, आणि तुम्हाला काय वाटेल ते वाटो. माझी इथली मुदत मार्चमध्ये संपते. मुदतवाढीचा कागद वर गेला आहे. मार्चअखेरपर्यंत तो हातात येईल. तुम्ही आता जबाब दिला की माझं नाव येणारच, चौकशी लागणार, वाढ थांबणार. इथे न्याकोथची केस अर्धवट आहे. निवाऱ्यात तिच्यासारख्या अकरा जणी आहेत, त्यांचे जबाब मी लिहिते आहे. हे काम कुणी तरी केलं पाहिजे. म्हणून म्हणते, थोडं थांबा. एप्रिलपर्यंत. वकिलांना तारीख पुढे घ्यायला सांगा. नंतर मी स्वतः येईन.

मंजुश्री


चिखली,
२३ डिसेंबर २०२४

मंजुश्री मॅडम,

तारीख पुढे घ्यायला सांगणार नाही. कचरूच्या वकिलानं सुनावणी लवकर लावून घेतली आहे. एप्रिलपर्यंत ती पोरगी त्याच्याकडे डोंगरशिवणीत असेल.

मी ९ जानेवारीला कोर्टात जबाब देणार आहे. जयमाला दुसऱ्यांदा ठाण्यात आली होती, मी परत पाठवली, आणि डायरीत घेतलं नाही, हे सांगणार. समजोता कुणाच्या सांगण्यावरून लिहिला, हे विचारलं तर खरं सांगणार. पाठीचं मी सांगू शकत नाही, मी पाहिलं नाही. ते तुम्हीच सांगू शकता. तुमची तारीख पडली तर १८ फेब्रुवारीच्या सुमारास पडेल.

हिला मी परवा सगळं वाचून दाखवलं, तुमचं पत्रही. ती तांदूळ निवडत होती. मग म्हणाली, "त्या अकरा जनींसाठी बाई थांबून राह्यली म्हनते. ही बारावी नाही का?" मॅडम, तिला तुमच्याबद्दल माया आहे, ती वाईट अर्थानं बोलली नाही. पण मी लिहून कळवतो, कारण लपवायची आता ताकद राहिली नाही.

चिंतामण


दक्षिण सुदान,
२ जानेवारी २०२५

काका,

काकूंना सांगा, बरोबर आहे.

काल मी इथल्या वरिष्ठांना लेखी दिलं. समजोता, पाठीवरचे वळ, दिल्लीची मुलाखत, सगळं. आपल्या खात्यालाही प्रत पाठवली. सुट्टीचा अर्ज केला आहे. जयमालाच्या वकिलांना कळवा की साक्षीदार म्हणून माझं नाव द्यावं. मागच्या पत्रातल्या थांबा म्हटलेल्या ओळी फाडून टाकता आल्या असत्या तर बरं झालं असतं, पण त्या असू द्या. मी तशी आहे हेही तुम्हाला माहीत असलेलं बरं.

मंजुश्री


जानेफळ,
२२ फेब्रुवारी २०२५

प्रिय काका,

काकूंचं ऑपरेशन नीट झालं हे वाचून जीव भांड्यात पडला. त्यामुळे तुम्हाला कोर्टात येता आलं नाही ते मनाला लावून घेऊ नका, त्यांच्याजवळच राहा. कोर्टात मी एकटी नव्हते, धम्मरत्न दादा बरोबर आला होता. बस स्टँडवर तो म्हणाला, "मी गावात सगळ्यांले सांगत होतो, माही बहीण शांतता ठेवाले गेली." एवढं बोलून त्याने माझी बॅग उचलली.

तुम्हाला सगळं जसं झालं तसं सांगते.

मी साध्या साडीत गेले. कचरूच्या वकिलांनी समजोता दाखवला. ही सही तुमची? माझी. शिक्का ठाण्याचा? ठाण्याचा. मग यात लिहिलेलं खरं की खोटं? मी म्हणाले, खोटं. मला माहीत असताना लिहून घेतलेलं खोटं. ते म्हणाले, "म्हणजे सरकारी कागदावर तुम्ही खोटं लिहिता. मग आज कोर्टात खरं बोलता यावर विश्वास का ठेवायचा?" मी म्हणाले, "तेव्हा खोटं लिहिल्याने माझा फायदा होता. आज खरं बोलल्याने नुकसान आहे. एवढंच सांगू शकते." पाठीवरचे वळ मी सांगितले. किती, कुठे, कोणत्या रंगाचे. सांगताना जाणवलं, पाच वर्षांत मी त्यातला एकही विसरले नव्हते.

कचरू मागे बसला होता. मी त्याचा चेहरा मनात राक्षसासारखा धरून ठेवला होता, पण साधा माणूस निघाला, केस पांढरे होत आलेले, हातात पिशवी. तो माझ्याकडे बघत नव्हता, जमिनीकडे बघत होता.

न्यायाधीशांनी तुमचा जबाब आणि माझा जबाब एकत्र वाचले. ताब्याचा अर्ज फेटाळला. प्रेरणा आईकडे राहील. कोपराबद्दल नव्याने तक्रार घ्यायला ठाण्याला सांगितलं आहे, आणि आपल्या दोघांची नावं खात्याकडे चौकशीसाठी पाठवली आहेत. तुमची निवृत्ती झालेली असली तरी नोटीस येईल असं वकील म्हणाले. माझी येऊन पोचलीच आहे. मुदतवाढ रद्द. पुढच्या आठवड्यात तिकडे जाऊन चार्ज द्यायचा, न्याकोथचे कागद दुसऱ्या बाईकडे सोपवायचे आणि परत यायचं. परत आल्यावर कुठल्या ठाण्यात, की कुठल्याच नाही, ते माहीत नाही.

बाहेर आले तेव्हा जयमाला पुंजाजींना पाणी देत होती. मी जवळ गेले. काय बोलायचं ते मी विमानात ठरवलं होतं, सहा वाक्यं होती. एकही आलं नाही. मी फक्त म्हणाले, "जयमालाताई, चुकलं." ती म्हणाली, "हो." मग तिने पाण्याची बाटली माझ्यापुढे धरली. मी प्यायले. तिने मला माफ केलं असं समजू नका, मीही समजत नाही. ऊन होतं, आणि पुंजाजी म्हणाले होते, बाईले पानी दे.

प्रेरणा मायचा पदर धरून उभी होती. दोन वेण्या, शाळेचा गणवेश. नंतर शाळेत जायचं होतं म्हणून तो घालूनच तिला आणलं होतं. ती बराच वेळ माझ्याकडे बघत होती. मग म्हणाली, "माह्या मायच्या पाठीवरचं तुमीच पाह्यलं होतं ना?"

मी म्हणाले, "हो."

"मंग?"

काका, कोर्टात इतके प्रश्न झाले, त्यात हा नव्हता. वकिलांनी विचारला नाही, न्यायाधीशांनी विचारला नाही. मी तिच्यासमोर उकिडवी बसले. खोटं सांगावं असं एकदा मनात येऊन गेलं, की कायदा तसा होता, साहेबांनी सांगितलं होतं. मग म्हणाले, "मला माझ्या साहेबांनी चांगलं म्हणायला पाहिजे होतं. म्हणून लिहिलं नाही."

तिने ते नीट ऐकून घेतलं. आईकडे वळून पाहिलं, ही बाई खरं बोलते का, असं. जयमालाने मान हलवली. मग ती तिघं दुसरबीडच्या जीपकडे गेली. पुंजाजी पुढे बसले, मायलेकी मागे. जीप भरेपर्यंत बराच वेळ लागला. तोवर मी तिथेच उभी होते, आणि प्रेरणाने एकदाही मागे वळून पाहिलं नाही.

तुमची
मंजुश्री